व्याही फिनलंडचे, बोलत काही नाहीत. काय वाचून जाऊ?

खडकीचा_अण्णा
१२ सप्टेंबर

नमस्कार मंडळी. पाल्हाळ झालंय, सांभाळून घ्या.

थोरली लेक आठ वर्षं एस्पोला नोकरी करते. गेल्या जूनमध्ये तिने तिथल्याच मुलाशी लग्न केलं. जावई गुणी आहे. पुरणपोळी तुपात बुडवून खातो, आणखी काय हवं. अडचण आहे ती व्याह्यांची. लग्नाला दोघं पुण्यात आले आणि आमच्याकडे नऊ दिवस राहिले. विहीणबाई आमच्या हिच्याशी खाणाखुणांनी का होईना, तासन्‌तास बोलायच्या. व्याही मात्र गॅलरीतल्या वेताच्या खुर्चीत बसून समोरच्या वडाकडे बघत राहायचे. मी शेजारी बसायचो. मी म्हणायचो, आज उकाडा फार आहे. ते म्हणायचे, 'यो', म्हणजे हो. झालं! इंग्रजी येत नाही म्हणावं तर तसंही नाही. इमात्राच्या कागद गिरणीत इंजिनिअर होते, माझ्यापेक्षा बरं बोलतात. विमानतळावर निघताना माझा हात दोन्ही हातांत धरून म्हणाले, 'या नऊ दिवसांत आपण फार छान बोललो.' मी हिच्याकडे बघितलं, हिने माझ्याकडे.

नाही म्हणायला एकदा कळी खुलली होती. मी खडकीच्या दारूगोळा कारखान्यात ३४ वर्षं काढली, असं लेकीने सांगितलं, तेव्हा त्यांनी पहिल्यांदा आपणहून विचारलं, 'सेव्हन सिक्स्टी-टू?' मी म्हटलं, हो, तेही. मग पाव तास काडतुसांवर बोललो. चहा गार झाला तरी त्यांच्या ध्यानात नाही. जावई सांगतो, बाबांचं घर युद्धाच्या पुस्तकांनी भरलंय. त्याचे आजोबा लढाईत मशीनगनवर होते आणि आजी वीपुरीची, म्हणजे जो मुलूख रशियाला द्यावा लागला तिथली.

डिसेंबरात आम्ही दोघं सहा आठवड्यांसाठी जातोय. त्यातला नाताळचा मुक्काम व्याह्यांकडे इमात्राला. तेव्हा माणूस कुठल्या मातीतला आहे ते थोडं वाचून जावं म्हणतो. अप्पा बळवंत चौकापासून कॅम्पापर्यंत दुकानं पालथी घातली, तर दोनच तऱ्हेची पुस्तकं दिसली. एका तऱ्हेच्या पुस्तकांवर लोकरीचे मोजे, वाफाळता कप आणि 'सिसू'. आत मजकूर असा की थंड पाण्यात उडी मारा, सुखी व्हा. दुसऱ्या तऱ्हेवर बर्फात पांढरी टोपी घालून पडलेला नेमबाज. हे दोघे एकाच गावचे कसे, ते काही मला उमजेना.

मराठीत काही असेल तर सोन्याहून पिवळं, नसेल तर इंग्रजी चालेल. वाचायचा वेग बैलगाडीचा आहे, त्यामुळे तीन-चारच सांगा, पण नेमकी सांगा. मोबाईलवर वाचायला लावू नका.

चहाटळ
१२ सप्टेंबर

अण्णा, नऊ दिवसांत तुमच्या वाट्याला किती 'यो' आले? पाचाच्या वर असतील तर तिकडच्या हिशोबाने ती वसंत व्याख्यानमाला झाली.

तांपेरेकर
१३ सप्टेंबर

अण्णा, मी अकरा वर्षं फिनलंडमधल्या तांपेरेत आहे. गावाच्या नावाला 'कर' मीच लावून घेतलाय, इथल्या नगरपालिकेची काही हरकत आली नाही.

आधी व्याह्यांच्या न बोलण्याबद्दल. कारोलिना कोरहोनेनचं 'फिनिश नाइटमेअर्स' हे चित्रांचं छोटं पुस्तक घ्या, तासाभरात होतं. त्यात मत्ती नावाचा काडीसारखा माणूस आहे. घराबाहेर पडायचंय, पण शेजारी जिन्यात उभा आहे, म्हणून तो दाराआड थांबून राहतो. तुम्हाला वाटेल अतिशयोक्ती आहे. माझ्या मजल्यावरचे आजोबा पहिली दोन वर्षं माझ्या कुलपाचा आवाज ऐकून आत थांबायचे. तिसऱ्या वर्षी एकदा त्यांनी माझ्या दाराला ब्लूबेरीची पिशवी अडकवली. चिठ्ठी नाही, काही नाही. इथे शेजारी बसून गप्प राहता येणं ही ओळखीची पुढची पायरी आहे. व्याही विमानतळावर म्हणाले ते मनापासूनच म्हणाले.

आता सिसू. त्या गठ्ठ्यातलं एकच घ्यायचं तर कात्या पांत्सारचं 'फाइंडिंग सिसू' घ्या. बाई कॅनडात वाढलेली, मग हेलसिंकीत येऊन राहिली. गोठलेल्या समुद्रात डुंबणं, बारा महिने सायकल, साधं जेवण, यांनी तिच्या मनाची मरगळ कशी गेली ते ती लिहिते. पहिलं अर्ध मला आवडलं, पुढे तेच तेच येतं. पण सिसूचं भाषांतर करायला बसू नका, जिद्द म्हणून मोकळे होऊ नका. मूळ शब्द 'सिसुस', म्हणजे आतलं, पोटातलं, आतडी-कोथळा म्हणतो ना तसं. आणि तो नेहमी कौतुकाचाच नव्हता. 'पहानसिसुइनेन' म्हणजे वाईट सिसूचा, आपल्याकडच्या 'आतल्या गाठीचा' माणसाच्या अगदी जवळचा. पुस्तकवाले ही बाजू गाळतात, कारण ती मोज्यांच्या चित्राशेजारी शोभत नाही. इथे सिसू नावाचे ट्रक आहेत आणि सिसू नावाच्या काळ्या गोळ्याही. व्याह्यांनी गोळी दिली तर नको म्हणू नका, आणि दोन तर घेऊच नका.

खरं पुस्तक मात्र वेगळंच आहे. वॅइनो लिन्नाची कादंबरी, १९५४ची. मूळ नावाचा अर्थ अनाम सैनिक. मशीनगन कंपनीतले साधे शिपाई आणि १९४१ ते ४४ची लढाई, एवढंच कथानक. तुमच्या जावयाचे आजोबा मशीनगनवर होते म्हणालात ना, मग हे चुकवूच नका. इंग्रजीत १९५७चा जुना अनुवाद रद्दीत दिसला तर तिथेच ठेवा, त्यात मुळाची पार मोडतोड झालीय. लीझल यामागुची यांचा २०१५चा 'अननोन सोल्जर्स' घ्या.

लिन्ना तांपेरेच्या फिनलेसन सूतगिरणीत कामगार होता. पाळी करायची आणि घरी येऊन लिहायचं. आज त्या लाल विटांच्या गिरणीत ऑफिसं आणि खानावळी आहेत. मी सूप प्यायला जाते तिथे छताला जुन्या यंत्रांच्या पट्ट्यांचे लोखंडी दांडे अजून आहेत. गिरगाव-परळमध्ये वाढलेल्या माझ्या आईला इथे आणलं तेव्हा ती वर बघून म्हणाली, 'साच्यांचा आवाज किती असेल गं इथे.' तर हा गिरणी कामगार पुढे २० मार्काच्या नोटेवर छापला गेला, युरो येईपर्यंत ती नोट चालायची.

कादंबरीतला प्रत्येक शिपाई आपापल्या मुलखाची बोली बोलतो. कल्पना करा, एका खंदकात वऱ्हाडी, मालवणी, अहिराणी आणि कोल्हापुरी, आणि वरचा अधिकारी मात्र पुस्तकी बोलणारा. इंग्रजीत ही चव निम्मी उतरते, इलाज नाही. रोक्का नावाचा शेतकरी लक्षात ठेवा. अधिकाऱ्याला सलाम ठोकायचा कंटाळा, लढायला मात्र पहिला. तो कारेलियाच्या त्याच मुलखातला, जिथली तुमच्या जावयाची आजी. इथे रोक्काचं नाव काढलं की गप्प माणसंही त्याच्या बोलीत दोन वाक्यं म्हणून दाखवतात. ६ डिसेंबरला, स्वातंत्र्यदिनी, या कादंबरीवरचा १९५५चा काळा-पांढरा सिनेमा दरवर्षी टीव्हीवर असतो. लोक तो नुसता बघत नाहीत, त्यातले संवाद बरोबरीने म्हणतात. आपण रामायण लावून कामं करायचो तसं.

चौथं, तोवे यान्सनचं 'द समर बुक', १९७२चं. मूळ स्वीडिशमधलं, कारण इथल्या शंभरातल्या पाचेक जणांची भाषा स्वीडिश आहे आणि यान्सन त्यांतली. समुद्रातलं एक पिटुकलं बेट, म्हातारी आजी आणि सहा वर्षांची सोफिया. मुलीची आई वारलेली आहे, हे एका वाक्यात येतं आणि पुन्हा कधी त्याचा उल्लेख नाही. पण सगळं पुस्तक त्या एका वाक्यावर उभं आहे. यान्सनने ते स्वतःची आई गेल्यानंतर लिहिलं. 'वेलबीइंग' म्हणून जे विकतात ते मला या दीडेकशे पानांत सापडलं. तुमच्या बैलगाडीलाही चार दिवस पुरेत.

कालेवाला, म्हणजे इथलं महाकाव्य, आत्ता राहू द्या. ५० सर्ग, २२,७९५ ओळी. ते निवांत, परत आल्यावर.

जुना_गोलंदाज
१३ सप्टेंबर

(गोलंदाज क्रिकेटचा नव्हे, तोफखान्याचा. देवळालीत होतो.)

ताईंनी साहित्य सांगितलं, मी लढाई सांगतो. एक युद्ध नाही, तीन आहेत, आणि ती वेगळी ठेवा. हिवाळी युद्ध ३० नोव्हेंबर १९३९ ते १३ मार्च १९४०, दिवस १०५. 'पुढचं' युद्ध जून १९४१ ते सप्टेंबर १९४४. मग उत्तरेकडच्या लॅपलंडमधून जर्मनांना हुसकायचं युद्ध, त्यात तिथलं रोवानिएमी शहर जळालं.

पहिल्यासाठी विल्यम ट्रॉटरचं 'अ फ्रोझन हेल' (१९९१). कादंबरीसारखं पळतं. दोष असा की रशियाची दप्तरं खुली व्हायच्या आधीचं असल्याने ती बाजू पातळ आहे. नकाशे हवेत तर नेन्ये, मुंटर, विर्तानेन आणि बर्क्स या चौघांचं 'फिनलंड अ‍ॅट वॉर', दोन खंड.

सुओमुस्सालमी आणि राते रस्त्याचं प्रकरण दोनदा वाचा. जंगलातून जाणारी एकच अरुंद वाट, त्यावर रशियाची अख्खी ४४वी डिव्हिजन रणगाडे-तोफांसकट लांबलचक अडकलेली. फिन शिपाई स्कीवरून दोन्ही बाजूंनी येऊन रांगेचे तुकडे पाडतात. त्या तुकड्याला 'मोत्ती' म्हणायचे. मोत्ती म्हणजे मुळात तोडून, मापात रचून ठेवलेली लाकडाची चळत. ती सावकाश, सवडीने जाळायची असते. तुकडा पाडला की हल्ल्याची घाई नाही, आधी त्यांचं स्वयंपाकघर उडवायचं. बाकीचं काम थंडी करते. तेव्हा फिनलंडची लोकसंख्या ३७ लाखांच्या घरात. मेले सुमारे २६ हजार, रशियाचे सव्वा लाखाच्या वर. तरीही तहात मुलूख गेला आणि चार लाखांवर माणसं घरदार सोडून आली. जिंकले असं म्हणू नका तिथे, ते स्वतः म्हणत नाहीत.

अण्णा, खास तुमच्यासाठी : त्या युद्धांतल्या मोसिन रायफलींचा रिसीव्हर, म्हणजे नळीमागचा सांगाडा, फिनलंडने स्वतः बनवलाच नाही. झारच्या सैन्याच्या मोसिन-नागां पडून होत्या, त्यांचे रिसीव्हर घेऊन नवी नळी बसवली. त्यांचा नावाजलेला नेमबाज सिमो हायहा, त्याची एम २८-३० रायफल तशीच, आणि दुर्बिणीशिवाय. त्याने मारलेल्यांचा पाचशेच्या वरचा जो आकडा फिरतो त्यावर वाद आहे, त्यात पडू नका. त्याचं आणि कोल्लाच्या लढाईचं संग्रहालय रौतयार्वीला आहे, इमात्राहून लांब नाही.

१९४१ला ते जर्मनीच्या बाजूने लढले. आमची लढाई वेगळी होती, असं तिथे बरेच वर्षं म्हटलं गेलं. हा विषय पहिल्या दिवशी काढू नका.

जाता जाता : त्यांचे सेनापती मान्नरहाइम १९३७ला वाघाच्या शिकारीला भारतात आले होते. हेलसिंकीतल्या त्यांच्या घराचं संग्रहालय केलंय, तिथे कातडं आहे. विषय काढायला बरा.

अनुराधा_नाशिक
१५ सप्टेंबर

मी समुपदेशक आहे, म्हणून 'जगातला सर्वांत सुखी देश' हे ऐकलं की कान टवकारतात. २०१८पासून २०२५पर्यंत सलग आठ वेळा त्यांचा पहिला नंबर आला. पण लोकांना प्रश्न काय विचारतात माहीत आहे? शून्य ते दहा पायऱ्यांची शिडी डोळ्यांसमोर आणा आणि आपण कितव्या पायरीवर आहोत ते सांगा. हसता किती, नाचता किती, असं त्यात नाही. त्यामुळे व्याही गॅलरीत गप्प बसून आठव्या पायरीवर असू शकतात.

मला या देशाबद्दल आदर वाटतो तो दुसऱ्याच कारणाने. १९९०च्या सुमाराला तिथे लाखामागे तीसेक आत्महत्या होत. त्यांनी त्याआधीच, १९८६ला, देशभर काम सुरू केलं होतं. पहिल्यांदा काय केलं, तर एका वर्षातल्या सगळ्या, सुमारे १४०० आत्महत्यांमागची माणसं समजून घेतली. घरच्यांना भेटले, डॉक्टरांना भेटले. मग ठरवलं काय करायचं. आज ते प्रमाण निम्म्याच्याही खाली आहे. मोज्यांच्या पुस्तकात हे नसतं, कारण हे एकट्याने थंड पाण्यात उडी मारून होत नाही. तीच गोष्ट बाळंत-पेटीची, म्हणजे सरकार बाळाच्या कपड्यांची जी पेटी देतं तिची. १९३८ला गरीब आयांसाठी सुरू झाली, १९४९पासून सगळ्यांना. अट एवढीच, की चौथा महिना संपायच्या आत तपासणीला यायचं. बाळं वाचली ती पेटीपेक्षा त्या अटीने.

तांपेरेकर, 'द समर बुक'ला माझं अनुमोदन. ते मी लोकांना देते, परत येत नाही.

चहाटळ
१५ सप्टेंबर

परत न येणारं पुस्तक हीच खरी शिफारस. अण्णा, सॉनात, म्हणजे त्यांच्या वाफेच्या खोलीत, जाताना पंचा न्याल तर व्याही काय म्हणतील, याचंही एखादं पुस्तक सुचवा कोणीतरी.

खडकीचा_अण्णा
१७ जानेवारी

धागा वर काढतोय. एस्पोहून लिहितोय, खिडकीबाहेर उणे १४.

लिन्ना निम्मा पुण्यात वाचला, निम्मा इमात्रात. यान्सन हिने माझ्या हातातून काढून घेतलं आणि दोनदा वाचलं. ट्रॉटर विमानात. सिसूची गोळी खाल्ली, तांपेरेकर, एकच. जमालगोटा बरा.

पंचा चालला नाही. पहिल्या दिवशी व्याही आणि मी सॉनात, दोन फळ्यांवर. ते डावाने तापल्या दगडांवर पाणी टाकायचे आणि माझ्याकडे बघायचे. त्या उसळणाऱ्या वाफेला 'लोयलू' म्हणतात. मी मान हलवली की आणखी एक डाव. वीस मिनिटांत एक शब्द नाही. आता मला ते अवघड गेलं नाही, ही तुमची कृपा.

दुसऱ्या दिवशी न्याहारीला त्यांची कारेलियन पिराक्का होती. राय नावाच्या धान्याच्या पिठाचं पातळ आवरण, कडा चिमटीने मुरडलेल्या, मधे तांदळाची खीर, पण बिनसाखरेची, वरून अंडं कालवलेलं लोणी. आमची ही मुरड बघून म्हणाली, अय्या, उघडी करंजी! व्याह्यांनी सांगितलं की आईची मुरड अशीच होती, वीपुरीहून निघताना तिने लाटणं बरोबर घेतलं होतं. ते लाटणं हेच. मी हातात घेऊन बघितलं. दोन्ही टोकांना निमुळतं, मधे झिजून गुळगुळीत झालेलं, एका टोकाला जळल्याचा डाग. मग मी धीर करून म्हटलं, 'रोक्काही तिकडचाच ना?' मंडळी, हा माणूस चाळीस मिनिटं बोलला. आईच्या बोलीत रोक्का करून दाखवला. मला ओ की ठो कळत नव्हतं, विहीणबाई डोळे पुसत हसत होत्या. जावई दारात उभा राहून ऐकत होता, म्हणाला, आजीची बोली त्यांच्या तोंडून मी आजच ऐकली.

गोलंदाज, मोसिनच्या रिसीव्हरवर एक संध्याकाळ गेली. १९४१चा विषय मी काढला नाही, त्यांनीच काढला. त्यांच्या वडिलांनी त्या तीन वर्षांबद्दल घरात कधी अक्षर काढलं नाही, एवढंच म्हणाले आणि उठून लाकडं आणायला गेले.

२४ तारखेला दुपारी तीनला अंधारून आल्यावर सगळे चर्चच्या दफनभूमीत गेलो. लढाईत पडलेल्यांना या लोकांनी शक्यतो आघाडीवर ठेवलं नाही, मृतदेह गावोगावी परत पाठवले. म्हणून प्रत्येक गावात त्यांची वेगळी जागा आहे. बर्फात एकाच मापाचे दगड, नाव, जन्माची तारीख, मेल्याची तारीख, आणि प्रत्येकापुढे मेणबत्ती. व्याह्यांचे काका तिथे आहेत, १९ वर्षांचे, १९४४. व्याही गुडघ्यावर बसले, हातमोजा काढला, बोटांनी दगडावरचा बर्फ झाडला. काडी तीनदा विझली. चौथ्यांदा मी ओंजळ धरली. त्यांच्या राष्ट्रीय दप्तरखान्याने १९३९ ते ४५मधल्या सुमारे ९५ हजार मृतांची यादी केलीय, नाव घातलं की निघतं. घरी आल्यावर त्यांनी काकांचं पान काढून दाखवलं.

मला सारखी आपली पानिपतची चिठ्ठी आठवत होती. दोन मोती गळाले, सत्तावीस मोहरा हरपल्या, खुर्दा किती गेला त्याची गणती नाही. यांनी खुर्दा मोजलाय.

संक्रांतीला व्याही-विहीण एस्पोला आले होते. लेकीने तिळगूळ दिला आणि आज पानिपतचा दिवस, असंही सांगून टाकलं. व्याह्यांनी विचारलं, पानिपत म्हणजे काय. मी सांगायला बसलो. दिल्लीपासून, यमुनेपासून, रसद तुटण्यापासून. एका कागदावर मोर्चे काढले. त्यांनी मधेच बोट ठेवलं, 'उपाशी किती दिवस?' मग म्हणाले, 'मोत्ती.' मी म्हटलं, यो.

तर आता उलटा प्रश्न. पानिपतावर इंग्रजीत, नकाशे असलेलं, फुगवलेलं नसलेलं पुस्तक कुठलं? माणूस चिकट आहे, दर दोन दिवसांनी जावयाकडे विचारणा करतोय. आमचं परतीचं विमान २९ला आहे, त्याआधी सांगा.